थारोळ्यावरचं पुस्तक

लिहिण्याआधी माफी मागायला हवी. आठवणी लिहिणाऱ्याच्या गाठीला काहीतरी असावं लागतं: वय तरी, नाही तर हातून झालेलं एखादं मोठं काम तरी. माझ्याजवळ दोन्ही नाही. मी अजून कॉलेजात शिकतो. आमच्या घरात माझ्याआधी कुणी सही केलेली नाही, आणि मी जे मराठी लिहितो तेही शाळेत शिकलेलं आहे, घरात बोललेलं नाही. त्यामुळे एखादं वाक्य बरोबर आहे की नाही हे मला पटकन कळत नाही. तरी लिहितो आहे, कारण उघड्यावर असताना माणसाचं अंग आणि डोकं एका तऱ्हेने चालतं आणि बंद जागेत दुसऱ्या तऱ्हेने, हे मी स्वतःवर पाहिलं आहे. माझ्या एकट्यावरून सगळ्यांचं ठरवता येणार नाही. दुसऱ्या कुणाचं उलटंही होत असेल. मी फक्त माझं झालं तसं सांगतो.

आमचं गाव बदनापूरच्या स्टेशनापासून पायी जाण्यासारखं आहे. घरात आबा, माय, थोरला भाऊ, वहिनी आणि मी. भावाला मी दादा म्हणतो. जमीन काळी, विहीर घरची, विहिरीवर एक मोट आणि दोन बैल. मी शाळेत बसलो तेव्हा पहिलं पुस्तक उर्दूचं होतं. ते संपायच्या आत राज्य बदललं आणि मास्तरांनी एके सकाळी मराठीचं पुस्तक काढलं. आधी शिकलेलं कुठे ठेवायचं हे काही त्यांनी सांगितलं नाही. आम्हीही विचारलं नाही.

शाळेला जाण्याआधी आणि आल्यावर मला मोट धरावी लागे. दादाला नांगराची, पेरणीची कामं असत, आणि वहिनी खाली वाफ्यात दारं धरायला असे, म्हणजे पाटाचं पाणी एका वाफ्यातून दुसऱ्यात वळवायला. मोट हाकणं हे काम तसं एकसुरी आहे. विहिरीच्या काठापासून खाली उतरणारी वाट असते, तिला धाव म्हणतात. मोट भरली की बैल धावेवरून खाली जातात, दोर ताणला जातो, मोट वर येते आणि तिचं पाणी काठावरच्या दगडी थारोळ्यात पडून पाटाला लागतं. मग बैलांना मागे मागे सरकवत पुन्हा काठाशी आणायचं. मोट परत विहिरीत जाते. हे दिवसभर.

पुस्तक हातात धरणं शक्य नव्हतं. एका हाताला दोर, एका हाताला चाबूक. म्हणून मी पुस्तक उघडून थारोळ्याच्या कडेला ठेवायचो आणि पानांवर दोन्ही बाजूंनी चपटे दगड. बैल काठाशी आले की एक ओळ पाहून घ्यायची. मग बैलांमागे ताणलेल्या दोरावर बसून खाली जाताना ती मोठ्याने म्हणायची, आणि बैल मागे सरकवत वर येताना मनातल्या मनात आठवून पाहायची. आठवली तर पुढची ओळ. नाही आठवली तर तीच. पाण्याचे शिंतोडे बसून पुस्तकं फुगायची, पण धडा पाठ व्हायचा. ही काही मी शोधून काढलेली युक्ती नव्हती. दुसरी सोयच नव्हती. सगळी पोरं अशीच शिकत असतील असं मला वाटे.

असं करून मी मॅट्रिक पास झालो. गावात माझ्याआधी कुणी झालं नव्हतं. पारावर बसणाऱ्यांनी आबांना बोलावून घेतलं. जालन्यात नवं कॉलेज निघालं होतं, तिथे मला घालायचं ठरलं. ठरवण्यात माझा भाग कमी होता, पण मला ते हवं होतं.

आमच्या भावकीत एक म्हातारे चुलते होते. शिक्षणाबद्दल बोलायचा अधिकार त्यांच्याकडे होता, कारण तरुणपणी ते तहसीलीत पाणी भरायला होते आणि त्यांनी साहेब लोक जवळून पाहिले होते. पारावर त्यांनी आबांना विचारलं, "पोरगं उन्हात काम करतंय का अजून?"

"करतंय की. मोट धरतंय."

"मंग बिघडलं. मॅट्रिकपस्तोर ठीक हाय. पुढचं इंग्रजी शिक्षान. उन्हानं मेंदू पातळ व्हतो."

"पातळ?"

"तूप न्हाई का व्हत? तसाच. मी तहसीलदार पाह्यले, मुन्सिफ पाह्यले, कलेक्टर पाह्यला. एक तरी साहेब उन्हात बसलेला पाह्यला का? सगळे सावलीत. वर पंखा. म्हणून तर डोकं घट्ट."

हे ऐकून कुणी हसलं नाही. मीही नाही. आज लिहिताना त्यातली चूक दिसते, पण तेव्हा तो मुद्दा बिनतोड वाटला होता. आमच्यातली सगळी माणसं उन्हात होती आणि कुणाला वाचता येत नव्हतं. वाचता येणारे सगळे सावलीत होते. याचा अर्थ आणखी काय लावायचा?

त्या दिवसापासून मोट बंद झाली. दादा म्हणाला, "आता तू हात लावू नको. तुझा मेंदू सांभाळ." थट्टा होती, पण त्याने खरंच मला हात लावू दिला नाही.

आबा आपला कापूस जालन्याला ज्या शेटजींच्या आडतीवर घालत, त्यांच्या गोदामामागे एक रिकामी खोली होती. शेटजींचे आजोबा राजस्थानातून आलेले. माणूस उदार. आबांनी शब्द टाकला तर त्यांनी लगेच खोली उघडून दाखवली.

"पहले इधर सरकी ठेवत होतो," शेटजी म्हणाले. "पढाईला एकदम बराबर जागा. आवाज नाही, उजेड नाही, माशी पण येत नाही."

आबांनी दारातून आत डोकं घातलं. भिंती जाड होत्या. खिडकी नव्हती. वर पत्रा, त्याखाली तट्ट्या. आबा खूश झाले. "थंडगार हाय," ते म्हणाले. "बिलकुल ऊन न्हाई."

त्या खोलीत मी कॉलेजचं पहिलं वर्ष काढलं. सकाळी कॉलेज असे, तिथून परत आलो की दार लावून बसायचो. दिवसा कंदील लावावा लागे. बसायला सतरंजी, टेकायला भिंत. आबांनी सांगितलं होतं की फिरण्यात वेळ घालवू नको, म्हणून मी फिरत नसे. सुटीत गावी गेलो तरी तेच. आमचं घर माळवदाचं आहे. मधल्या खोलीत उजेडाला छतात एक साणं आहे, हातभर रुंद. माय मला त्या खोलीत बसवायची आणि शेजारच्या पोरांना अंगणातून हुसकून लावायची. उजेडाची तिरीप माझ्यापर्यंत आली की ती दादाला माळवदावर चढून साण्यावर टोपली सरकवायला सांगायची.

काय व्हायला लागलं ते एकदम लक्षात आलं नाही. आधी भूक कमी झाली. मग मांड्या दुखायला लागल्या. दिवसभर मोट हाकून कधी दुखल्या नव्हत्या, आणि आता बसून दुखत होत्या. उठलो की डोळ्यांपुढे अंधारी येई. दिवसा झोप येई आणि अंथरुणावर पडलं की येत नसे. याचं मला फारसं वाटलं नाही. अभ्यास करणाऱ्या माणसाला हे होतच असेल असं मी धरून चाललो. वाटलं ते दुसऱ्या गोष्टीचं. पानाच्या शेवटी पोहोचलो की पानाची सुरुवात गेलेली असे. पुन्हा वाचायचो. शब्द ओळखीचे होते, अर्थही कोशात पाहून लिहून ठेवलेले होते, पण ते डोक्यात बसत नव्हते. तर्कशास्त्राचं एक प्रकरण मी इतक्या वेळा वाचलं की पुस्तक आपोआप त्याच पानावर उघडू लागलं. आणि पुस्तक मिटलं की मला त्यातलं काही सांगता येत नसे.

मला वाटलं, हे आपल्या घराण्याला झेपणारं नाही. मॅट्रिकपर्यंतच आपली धाव होती. हा विचार मी कुणाला बोलून दाखवला नाही. पण तो खरा वाटत होता, आणि तो खरा असेल याचीच मला भीती होती.

वर्षाच्या परीक्षेत मी नापास झालो.

घरी कुणी रागावलं नाही. रागावले असते तर बरं झालं असतं असं तेव्हा वाटलं. माय म्हणाली, पोराला दृष्ट लागली. म्हाताऱ्या चुलत्यांनी विचारलं, कॉलेजला जाताना डोक्यावर काय असतं? मी म्हणालो, टोपी. ते आबांकडे वळून म्हणाले, "घ्या. टोपीनं काय व्हतंय?" दुसऱ्या बाजारी आबांनी माझ्यासाठी काळी छत्री आणली. तूपही वाढलं. खोलीचं दार दिवसा लावून घ्यायचं अशी पुन्हा ताकीद मिळाली.

एवढं करून आबा मला म्हणाले, "हे बघ लेका. यंदा एक साल अजून. झालं तर झालं. न्हाई झालं तर पुस्तकं बांध अन् घरी ये. मोट हाय, जमीन हाय. कुणी तुला उपाशी ठेवत न्हाई."

ते धमकी म्हणून बोलत नव्हते. त्यांना खरंच वाटत होतं की हे माझ्या सुखाचं आहे. पण मला कॉलेज आवडायला लागलं होतं. वर्गात प्राध्यापक एखादी गोष्ट समजावून सांगत तेव्हा ती समजत असे, आणि समजण्यात जी मजा असते ती मला सोडवत नव्हती. समजलेलं फक्त टिकत नव्हतं. तेव्हा त्या वर्षी काय पणाला लागलं होतं ते साधं आहे. पास झालो तर पुढे शिकणार, नापास झालो तर संपलं.

त्या वर्षी दिवाळीच्या सुटीत मी गावी होतो आणि दादाच्या पायात बाभळीचा काटा मोडला. टाच सुजली. गव्हाला पाणी द्यायची वेळ होती. आबांना दम्याचा त्रास, त्यांच्याने मोट हाकवत नव्हती. एक दिवस शेजाऱ्याचा गडी आला, दुसऱ्या दिवशी आला नाही. मी म्हणालो, मी जातो.

"तू न्हाई," माय म्हणाली.

"अगं, गहू वाळून राह्यला," दादा खाटेवरून म्हणाला. "याचा मेंदू पातळ झाला तर गव्हाच्या खिरीत घालू."

माय त्याच्यावर ओरडली, पण मला जाऊ दिलं. एका अटीवर. छत्री घेऊन जायची.

मोट हाकताना छत्री धरायला हात कुठे आहे? पण आबांनी तोड काढली. त्यांनी छत्री उघडून तिची दांडी माझ्या पाठीशी उपरण्याने बांधली. मी तसाच विहिरीवर गेलो. बैलांनी मला पाहिलं, कान टवकारले, पण आधी काही केलं नाही. पहिली मोट भरली. मी दोरावर बसलो, बैल धावेवरून खाली निघाले. निम्म्यावर वाऱ्याची झुळूक आली आणि छत्रीने फडफड केली. डावा बैल बुजला. त्याच्याबरोबर उजवाही उधळला. दोघे धावेच्या टोकापर्यंत पळाले, मोट वर आदळली, अर्धं पाणी थारोळ्यात आणि अर्धं परत विहिरीत. मी धावेवर उताणा पडलो होतो. छत्रीच्या दोन काड्या मोडल्या होत्या. वाफ्यातून वहिनी ओरडली, "भावजी, लागलं का?" आणि मग तिला हसू आवरेना. मलाही आवरलं नाही. वर्षभरात इतकं हसलो नव्हतो.

छत्री बाभळीला अडकवून ठेवली आणि काम सुरू केलं.

दुसऱ्या दिवशी मी पुस्तक नेलं. का नेलं ते सांगता येत नाही. सवय असेल, किंवा दिवस वाया जातो आहे ही भीती असेल. तर्कशास्त्राचं तेच पुस्तक. थारोळ्याच्या कडेला ठेवलं, दगड ठेवले. एक वाक्य पाहिलं, खाली जाताना म्हटलं, वर येताना आठवून पाहिलं. आठवलं. पुढचं पाहिलं. इंग्रजी वाक्यं लांब असतात, ती एका उतरणीत मावत नसत. मग मी त्यांचे दोन तुकडे केले. जे प्रकरण वर्षभर डोक्यात शिरलं नव्हतं त्याचा मोठा भाग दुपारपर्यंत मला न पाहता सांगता येत होता. अर्थही कळत होता. म्हणजे डोकं बिघडलेलं नव्हतं. याचा आनंद झाला असं लिहायला हवं, पण तेव्हा आनंदापेक्षा नवल जास्त वाटलं. आणि भूक लागली होती. वहिनीने आणलेल्या भाकरी मी सगळ्या खाल्ल्या, तिच्या वाटणीची ठेवायची राहून गेली.

विहिरीच्या शेजारून गाडीवाट जाते. आष्टीकडचा एक जण बैलगाडी घेऊन चालला होता. माझं इंग्रजी ऐकून त्याने गाडी थांबवली.

"काय साहेब," तो म्हणाला, "बैलांना इंग्रजी शिकवून राह्यले का?"

"माझा अभ्यास आहे."

"असू द्या, असू द्या. पण उद्या हे बैल मराठीत हाकले तर चालतील का, ते सांगा. तुमच्या दादाची पंचाईत व्हईल."

गाडी पुढे गेली तरी त्याचं हसणं ऐकू येत होतं. गावात ती गोष्ट माझ्याआधी पोहोचली. आबांना ती लागली. त्या संध्याकाळी ते मला म्हणाले, "मोटच हाकायची व्हती तर कॉलेजात कशाला घातलं?"

"आबा, तिथं ध्यानात राहतं."

"अन् खोलीत?"

"खोलीत राहत नाही."

"मंग साहेब लोकांच्या कसं राहतं?"

कदाचित त्यांना लहानपणापासून बसायची सवय असेल, कदाचित त्यांच्या खोल्यांना खिडक्या असतील. मी आबांना एवढंच म्हणालो की मला तुम्ही प्रकरण विचारा. ते काय विचारणार? पण त्यांनी पुस्तक हातात घेतलं, उलटंसुलटं पाहिलं आणि ते आपोआप उघडलं त्या पानावर बोट ठेवलं. "हितून सांग." मी बोटाखालचा शब्द पाहिला आणि तिथून पुढे सांगत गेलो. सांगताना मी अंगणात येरझारा घालत होतो हे माझ्या ध्यानात नव्हतं. माय म्हणाली, "अरे, बस की." मी बसलो आणि वाक्य तुटलं. उठलो तर पुन्हा लागलं. आबांना इंग्रजी कळत नव्हतं, पण तोंड कुठे थांबलं आणि कुठे चालू झालं हे दिसत होतं.

"सुटी हाय तोवर हाक मोट," ते म्हणाले. "पण सकाळच्या पारी. टळटळीत उन्हात न्हाई." म्हाताऱ्या चुलत्यांचं मत त्यांनी पूर्ण सोडलं नाही. निम्मं सोडलं.

सुटी संपली आणि मी जालन्याला परत आलो तेव्हा नवी काळजी लागली. परीक्षा काही विहिरीवर व्हायची नव्हती. खोलीत बसून पाहिलं तर विहिरीवरचं निम्मं आठवत होतं, निम्मं नाही. शिवाय राहिलेला अभ्यास बराच होता. तेव्हा मी पहाटे खोली सोडून मोती तलावाकडे जायला लागलो. तलावाच्या बांधाला उतार आहे. बांधावर पुस्तक उघडायचं, ओळ पाहायची, उतारावरून खाली जायचं, वर यायचं. बैल नव्हते, दोर नव्हता, तरी बरंचसं जमलं. सकाळी अंगात थंडी असे, चालून ऊब येई, आणि ऊब आली की डोकं सुरू होई. पाऊस किंवा धुकं असलं आणि खोलीतच राहावं लागलं की त्या दिवसाचा अभ्यास कच्चा राही.

बांधावर रोज एक म्हातारे घड्याळजी यायचे. घरी उर्दू बोलणारे, बाजारात त्यांचं छोटं दुकान. ते चालत नसत. एका दगडावर बसून तलावाच्या पलीकडे पाहत राहत. बऱ्याच दिवसांनी त्यांनी मला हाक मारली.

"बाबू, ये क्या करते तुम? ऊपर नीचे, ऊपर नीचे. कुछ गिर गया क्या?"

मी म्हणालो, "नाही चाचा, अभ्यास करतो."

"पढाई? चल चल के?" ते हसले. "हमारे अब्बा बोलते थे, चलते हुए पढे सो दीवाना हो जाता."

"आणि तुम्ही इथे काय करता?"

"हम नजर खोलने आते. दिन भर आँख में भिंग लगाके बैठना पडता ना. शाम तक दूर का सब धुंदला, सुबह कू बी वैसाच. इधर आके दूर देखे तो बराबर हो जाता." मग आवाज खाली आणून म्हणाले, "इस पानी की हवा में दवा है. नवाब के जमाने से है. किसी कू बोलो मत, नै तो सब आ जायेंगे."

हवेत औषध असेल असं मला वाटलं नाही. पण बाजाराकडे परत जाताना ते दुकानांच्या पाट्या लांबून वाचत जात, हे मी पाहिलं. येताना ते वाचत नसत.

परीक्षेला आमचा नंबर एका मोठ्या हॉलमध्ये आला. माझी जागा मधल्या रांगेत होती. खिडक्या होत्या, पण माझ्यापासून दूर, आणि मधे पुष्कळ डोकी. पहिल्या दिवशी इंग्रजीचा पेपर होता. प्रश्न ओळखीचे होते. उत्तराची सुरुवात आठवत नव्हती. मी पेन खाली ठेवलं आणि विहीर आठवायचा प्रयत्न केला. ते काही झालं नाही. विहिरीऐवजी शेटजींची खोली डोळ्यांपुढे येत राहिली. मग चपला काढल्या आणि पाय फरशीवर टेकवले. फरशी गार होती. टाच उचलायची, टेकवायची, दुसरी उचलायची, असं बेंचाखाली चालू केलं. थोड्या वेळाने एक वाक्य आलं. त्याच्या मागे दुसरं.

देखरेखीला असलेले सर माझ्याजवळ येऊन थांबले. "पायाला काय झालंय?"

"काही नाही सर."

"मग ते शिवणाचं मशीन बंद करा. पुढच्याचा बेंच हलतोय."

पुढे बसलेल्या मुलाने मागे वळून पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावरून कळलं की तक्रार त्याचीच होती. मी पाय थांबवले. तोवर आलेली वाक्यं लिहून काढली. पुढची आली नाहीत. शेवटचा प्रश्न निम्मा राहिला.

तर्कशास्त्राच्या दिवशी मधल्या काही जागा बदलल्या आणि मला भिंतीकडची जागा मिळाली. खिडकीतून मैदान दिसत होतं, आणि त्यापलीकडे रस्ता. तो पेपर चांगला गेला. खिडकीमुळे गेला की विषय पक्का होता म्हणून गेला, हे मी सांगू शकत नाही. मला खिडकीमुळे असं वाटतं, पण वाटणं म्हणजे पुरावा नव्हे, हेही त्याच विषयात शिकलो आहे. अर्थशास्त्र मध्यमच गेलं. इतिहासात एक संबंध प्रश्न मी सोडला. हिशेब केला तर पास होईन असंही निघे आणि नापास होईन असंही.

परीक्षा संपवून मी गावी आलो. उन्हाळा होता, विहिरीचं पाणी खाली गेलं होतं, मोट दिवसातून थोडाच वेळ चाले. त्या उन्हाळ्यात महाराष्ट्र राज्य झालं. गावात पेढे वाटले, पाटलाच्या ओट्यावर भाषणं झाली. मीही गेलो होतो. पण कुणी माझ्याकडे पाहिलं की मला वाटे हा निकालाचं विचारणार, आणि बहुतेक वेळा तो तेच विचारी.

गावात वर्तमानपत्र येत नाही. निकाल लागल्याचं आम्हाला कळलं ते बाजारातून, आणि तेही लागून दिवस गेल्यावर. कुणीतरी म्हणालं की आडतीवर सगळ्यांना माहीत आहे. मी जालन्याला जायला हवं होतं. मी निघालोही, पण स्टेशनापर्यंत जाऊन गाडी गेल्यावर परत आलो. दादाला सांगितलं, चुकली. तो माझ्याकडे पाहून म्हणाला, "मला नंबर सांग. मी जातो."

"दादा, तुम्हाला वाचता कुठं येतं?"

"तुझ्यावानी न्हाई येत. पण पाहून घेईन बराबर." त्याने माझ्याकडून नंबर कागदावर मोठ्या आकड्यांत लिहून घेतला, टोपीत ठेवला आणि दुसऱ्या सकाळच्या गाडीने गेला.

तो दिवस कसा गेला ते फारसं लिहिण्यासारखं नाही. मी विहिरीवर नव्हतो, घरातही नव्हतो. गावाबाहेरच्या माळावर फिरत राहिलो. दुपारी आबा मला शोधत तिथे आले. त्यांनी ऊन लागेल असं म्हटलं नाही. बरोबर चालू लागले. त्यांना धाप लागत होती, म्हणून मी सावकाश चाललो. एकदा ते म्हणाले, "न्हाई झालं तरी काय बिघडत न्हाई." थोड्या वेळाने म्हणाले, "पण झालं तर बरं हाय."

दिवस कलल्यावर दादा स्टेशनाच्या वाटेने येताना दिसला. तो घाईत नव्हता. त्यावरून मी काही ठरवलं नाही, कारण टाचेच्या काट्यापासून तो कधी घाईने चालतच नाही. जवळ येऊन त्याने आधी आबांना नमस्कार केला, जो तो एरवी करत नाही. मग मला म्हणाला, "एका दुकानात निकालाचा पेपर व्हता, तिथं नंबर दाखवला. तो म्हणला पास. म्हणलं, हा गिऱ्हाइकाला खूश करायला म्हणत असंल. मंग दुसऱ्या दुकानात गेलो. त्याच्याकून काही घेतलं न्हाई, घ्यायचंही न्हाई असं आधीच सांगितलं, अन् मंग कागद दाखवला."

"तो काय म्हणाला?" आबांनी विचारलं.

"त्यानं पेपरावर दोनदा बोट फिरवलं. तोही म्हणला, पास."